कोकणातलं छप्पर सर्वेअरसाठी उघडं ठेवता येत नाही : विमा नियामकांना खुलं पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष आणि सदस्य,
भारतीय विमा नियामक आणि विकास प्राधिकरण (इर्डाई), हैदराबाद,
तसेच घराचा विमा विकणाऱ्या सर्व कंपन्यांचे दावा विभाग

विषय : वादळात मोडलेल्या छपरांचे विमा दावे

महोदय,

मी दापोली तालुक्यात, किनाऱ्यावरच्या एका गावात सुतारकाम करतो. घरांवर आढी, वासे आणि रिपा (कौलं ज्यांच्यावर टेकतात त्या आडव्या लाकडी पट्ट्या) चढवण्यात माझी उमर गेली. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं, त्यानंतर याच पट्ट्यातली कित्येक छपरं मी आणि माझ्या जोडीदारांनी पुन्हा उभी केली. २४ मे २०२५ ला माझ्याच घरावर मागच्या वाडीतला माड पडला. घराचा विमा होता. त्या दाव्याचा शेवटचा निकाल कंपनीच्या तक्रार विभागाने आता कळवला आहे. मी दाखवलेला खर्च होता सुमारे १ लाख ७५ हजार. मंजूर झाले ३८ हजार, आणि तेही माझ्या हातात न येता थेट गृहकर्जाच्या खात्यात वळते झाले.

कंपनीचं नाव मी इथे घेत नाही. माझं प्रकरण विमा लोकपालांकडे नेतो आहे. तिथे ५० लाखांपर्यंतची तक्रार फी न भरता आणि वकील न लावता करता येते, ही सोय चांगली आहे आणि ती असल्याबद्दल मी आभारी आहे. माझ्या पैशांचा निवाडा तिथे होईल. हे पत्र लिहितो आहे ते वेगळ्या कारणाने. गावातल्या आणि शेजारच्या वाड्यांवरच्या ज्या घरांचे दावे अडकले, त्यांना आलेली पत्रं मी वाचली आहेत. कारणं तीच, वाक्यं तीच. एखाद्या सर्वेअरने, म्हणजे नुकसान मोजायला कंपनी नेमते त्या माणसाने, चूक केली असती तर ती एका घरापुरती राहिली असती. इथे दावे बघण्याची पद्धतच अशी पडून गेली आहे, आणि ती बदलायचा अधिकार आपल्याकडे आहे.

आधी त्या दिवसाबद्दल. २०२५ च्या मे महिन्यात पावसाने आम्हाला सवडच दिली नाही. आमच्याकडे छपराची कामं मृगाच्या आत उरकायची रीत आहे. मे महिनाभर कौलं परतणं, सडका वासा बदलणं, आढ्याचे सांधे भरणं चालतं. त्या वर्षी विसाव्या तारखेच्या सुमारालाच पाऊस लागला. २४ तारखेला अरबी समुद्रातला कमी दाबाचा पट्टा डिप्रेशन, म्हणजे चक्रीवादळाच्या खालच्या पायरीचं वादळ, होऊन दुपारच्या सुमाराला रत्नागिरी आणि दापोली यांच्या मध्ये किनाऱ्यावर चढला. दोनच दिवसांनी मान्सून मुंबईत पोचल्याचं जाहीर झालं. इतका लवकर तो मुंबईत कधी आल्याची नोंद नाही. जमीन आधीच भिजून मऊ झालेली, त्यात वारा. माड मुळासकट आडवा झाला आणि माजघराच्या मागच्या पाख्यावर, म्हणजे छपराच्या मागच्या उतारावर, आला.

कंपनीच्या पहिल्याच पत्रात लिहिलं होतं की त्या दिवशी आमच्या भागात चक्रीवादळ जाहीर झालेलं नव्हतं, तेव्हा हवामान खात्याचा दाखला आणा. हे खरंच आहे की हवामान विभागाच्या गणतीत वारा ताशी ६२ किलोमीटरच्या वर गेला तरच त्याला चक्रीवादळ म्हणतात, आणि त्यानंतरच त्याला नाव मिळतं. पण माझी पॉलिसी फक्त चक्रीवादळाची नाही. आपणच १ एप्रिल २०२१ पासून सगळ्या कंपन्यांना ‘भारत गृह रक्षा’ ही एकसारखी पॉलिसी विकणं सक्तीचं केलं. तिच्यात साधं वादळ आणि चक्रीवादळ ही दोन्ही लिहिलेली आहेत. शिवाय बाहेरची वस्तू घरावर आदळून झालेलं नुकसान हे वेगळं कलम आहे आणि त्यात उदाहरण म्हणून पडणारं झाडच दिलेलं आहे. माड पडला हे सगळ्या गावाने पाहिलं. तो ताशी किती किलोमीटरच्या वाऱ्याने पडला याचा पुरावा मी का द्यायचा? आणि दाखला लागतच असेल, तर हवामान विभागाचं केंद्र आमच्या तालुक्यात हर्णैला आहे. कंपनीने तिथल्या नोंदी मागवून घ्याव्यात. आपल्या २०२४ च्या परिपत्रकात स्पष्ट म्हटलं आहे की कागदपत्रं नाहीत या कारणावर दावा नाकारायचा नाही आणि दाव्याशी संबंध असलेलीच कागदपत्रं मागायची. हे वाक्य मी कंपनीला लिहून पाठवलं, तेव्हा कुठे दाखल्याची मागणी मागे पडली. ज्याला ते वाक्य ठाऊक नाही त्याचं काय झालं असेल?

आता मुख्य तक्रार.

दावा कळवल्यावर सर्वेअर नेमल्याचा संदेश दुसऱ्याच दिवशी मोबाईलवर आला. म्हणजे चोवीस तासांत नेमणूक करण्याचा आपला नियम कागदावर पाळला गेला. माणूस मात्र जून अर्धा सरल्यावर दारात आला. मधल्या काळात कोकणात काय पाऊस पडतो हे आपल्याला सांगायला नको. माजघराच्या वर आभाळ दिसत होतं. खाली भाताची पोती, अंथरुणं, विजेचा बोर्ड, आणि घरात माझी ऐंशी ओलांडलेली आई. आम्ही त्याच संध्याकाळी फोटो काढले, व्हिडिओ काढला, माड करवतीने तोडून खाली घेतला आणि ताडपत्री बांधली. ताडपत्री वाऱ्याने दोनदा फाटली. शेवटी मी मोडके वासे काढून नवे चढवले, रिपा ठोकल्या आणि मिळतील तेवढी कौलं घालून पाखं बंद केलं.

सर्वेअरने अहवालात लिहिलं की विमाधारकाने पाहणीपूर्वी दुरुस्ती केल्यामुळे मूळ नुकसानाची खातरजमा करता आली नाही. त्या एका वाक्यावर वाशांचा आणि सुतारकामाचा सगळा खर्च कापला गेला.

महोदय, नुकसान आणखी वाढू नये म्हणून विमाधारकाने शक्य ती काळजी घेतली पाहिजे, ही अट पॉलिसीतच आहे. मी ती पाळली. न पाळता छप्पर तसंच उघडं ठेवलं असतं, तर मातीच्या भिंती भिजून बसल्या असत्या, आणि मग माझ्या निष्काळजीपणाने नुकसान वाढलं असं त्याच कंपनीने लिहिलं असतं. अट पाळणाऱ्यालाही मार आणि न पाळणाऱ्यालाही मार, असा नियम कुणालाच पाळता येत नाही. तारीख-वेळेसकट फोटो होते. माड छपरावर असतानाचे, तो काढताना मोडलेले वासे दिसतात तेव्हाचे, आणि ते वासे अंगणात मांडून टेपने मापं घेतानाचेही. मोडके वासे मी पडवीत रचून ठेवले होते. सर्वेअरला मी ते दाखवले. एका वाशाला मधोमध उभी चीर गेलेली होती, लाकूड आतून पिवळं, ताजं. सुतारालाच काय, लाकडाशी ज्याचा कधी संबंध आला आहे अशा कुणालाही कळलं असतं की हे सडून मोडलेलं नाही, भाराने मोडलं आहे. त्यांनी वाशांचा एक फोटो काढला. अहवालात त्याचा उल्लेख नाही.

गावात झालेल्या पंचनाम्याबद्दलही इथेच सांगतो. ग्राम महसूल अधिकारी आणि ग्रामपंचायत अधिकारी तीन-चार दिवसांत घरी आले, पडझड बघितली, पंचांच्या सह्या घेतल्या. त्या पंचनाम्यावर शासनाने निकषाप्रमाणे मदत दिली. पक्क्या घराची निदान १५ टक्के पडझड असेल तर ६,५०० रुपये. रक्कम थोडी आहे, पण सरकारने माझं नुकसान झाल्याचं मान्य केलं. कंपनी म्हणते, पंचनामा आमच्यासाठी ग्राह्य नाही. किंमत ठरवायला नसेल, मला मान्य आहे. पण माड पडला होता, पाखं मोडलं होतं आणि किती मोडलं होतं, एवढं सिद्ध करायला शासनाच्या माणसांनी जागेवर उभं राहून केलेला कागद का चालू नये?

दुसरी तक्रार मोजणीची. इथे मी माझ्या धंद्यातलं बोलतो, तेव्हा थोडं सविस्तर सांगतो.

सर्वेअरने अंगणात रचलेली फुटकी कौलं मोजली आणि तेवढ्याच कौलांचे पैसे लावले. मंगलोरी कौल एकेकटं बसत नाही. वरच्या कौलाचा ओठ खालच्यावर येतो, बाजूच्याची खाच शेजारच्यात अडकते, आणि खालचा खुंट रिपेवर टेकतो. पाख्याच्या मधला एक वासा मोडला की तो आढ्यापासून वळचणीपर्यंत काढावा लागतो. त्यासाठी त्याच्या दोन्ही बाजूंच्या रिपा उकलाव्या लागतात, आणि रिपा उकलायच्या तर त्यांच्यावरची न फुटलेली कौलंसुद्धा उतरवावी लागतात. उतरवताना त्यातली काही फुटतातच, विशेषतः जुनी. मग आढ्यावरची कौलं सिमेंटात पुन्हा बसवायची. तीन वासे मोडले म्हणजे जवळजवळ अख्खं पाखं नव्याने करावं लागतं. शिवाय आज मिळणाऱ्या कौलाचा साचा जुन्या कारखान्याच्या साच्याशी जुळत नाही. खाच जुळली नाही की पहिल्या जोराच्या पावसात पाणी आत येतं. म्हणून पाख्याच्या एका भागाला नवी आणि एका भागाला जुनी अशी वेगवेगळी रांग करावी लागते. हे सगळं काम मजुरीत जातं, आणि पावसाळ्याच्या तोंडावर मजुरी चढी असते. फुटक्या कौलांचेच पैसे देणं म्हणजे पाय मोडलेल्याला खरचटलेल्या कातडीपुरतं मलम देणं.

ही गोष्ट सर्वेअरला कळत नसेल तर त्यात त्याचा दोष मी कमी मानतो. त्याच्याकडे अख्ख्या जिल्ह्याचं काम आहे, बरेचसे दावे गाड्यांचे आणि दुकानांचे असतात. स्लॅबच्या घराचा तक्ता घेऊन तो कौलारू घराकडे येतो. पण मग कौलारू घराचा हप्ता कंपन्या घेतात कशाला? घेता तर त्याची मोजणी कशी करायची हेही ठरवा.

तिसरी गोष्ट घसाऱ्याची, म्हणजे वस्तू जुनी झाली म्हणून तिची किंमत कमी धरण्याची. माझं घर जुनं आहे, आजोबांच्या वेळचं. २०२२ मध्ये कर्ज घेऊन मी मागची खोली वाढवली आणि त्याच वेळी या पाख्याचे वासे-रिपा बदलल्या. लाकडाच्या पावत्या दाव्याला जोडल्या होत्या. तरी छप्पर जुनं म्हणून निम्मी रक्कम घसाऱ्यात गेली. विम्याची रक्कम ठरवताना मात्र हेच घर आज बांधायला किती खर्च येईल त्यावर हिशोब केला होता आणि हप्ताही त्याच रकमेवर घेतला. हप्ता नव्या बांधकामाच्या भावाने आणि भरपाई जुन्या मोडीच्या भावाने, हे मला न्याय्य वाटत नाही, आणि पॉलिसीत मला कुणी तसं सांगितलंही नव्हतं.

घरात शिरलेल्या पाण्याचं नुकसान ‘गळती’ म्हणून नाकारलं. छपराला भोक माडाने पाडलं, पाणी त्यातून आलं. यावर जास्त लिहिण्यासारखं काही नाही. घराच्या विम्याबरोबर सामानाचा विमाही इमारतीच्या रकमेच्या २० टक्क्यांपर्यंत, जास्तीत जास्त १० लाख, आपोआप येतो हेही मला दाव्याचा निकाल लागल्यानंतर कळलं. मलबा उचलायचा खर्च दाव्याच्या २ टक्क्यांपर्यंत मिळतो, हेही तसंच. कंपनीच्या एकाही माणसाने किंवा पत्राने ते सांगितलं नाही.

बँकेचं तर कुणी बोलतच नाही. आमच्याकडे बहुतेकांचा घराचा विमा कर्जासोबत आलेला असतो. हप्ता एकरकमी कर्जातच मिळवतात, त्यावर आम्ही वर्षानुवर्षं व्याज भरतो. पॉलिसीचा कागद बँकेच्या फाइलीत असतो, तो हातात मिळायलाच मला बरेच हेलपाटे पडले. आणि भरपाईवर पहिला हक्क बँकेचा, म्हणून ती कर्जखात्यात जाते. माझा एकही हप्ता थकलेला नाही. तरी छपराचे पैसे छपराला न लागता मुद्दलात वळले, आणि लाकूड-कौलांचे पैसे मी सोनं गहाण ठेवून उभे केले. घर मोडकं राहिलं तर बँकेच्या तारणाची किंमतही कमी होते, एवढा तरी विचार व्हावा.

शेजारच्या वाडीतल्या एका विधवा बाईंचा दावा मी वाचून दाखवल्यावर त्यांना कळलं की तो नाकारलेला आहे. पत्र इंग्रजीत होतं. त्या इतके महिने पैसे यायची वाट बघत होत्या. फेटाळल्यापासून एका वर्षाच्या आत लोकपालांकडे जायचं असतं, ती मुदत त्यांच्या नकळत सरत होती. आमच्या गावात विमा विकायला येतात ते मराठीत बोलतात. नकार मात्र इंग्रजीत येतो. मला या गोष्टीचा राग येतो आणि तो मी लपवत नाही.

केरळमध्ये २०१८ ला महापूर आला तेव्हा आपण कंपन्यांना दावे लवकर निकाली काढायला सांगितलं होतं. मोठ्या आपत्तीत असं होतं, आणि ते चांगलंच आहे. पण किनाऱ्यावरची छपरं दर वेळी मोठ्या नावाच्या वादळातच मोडत नाहीत. मे-जूनमधल्या एखाद्या दुपारी चार गावांवरून वारा जातो, पंचवीस घरांची कौलं जातात, आणि जिल्ह्याबाहेर कुणाला पत्ता नसतो. त्या घरांचा विचार आपल्या नियमांत व्हावा, यासाठी माझ्या मागण्या अशा आहेत.

१. दावा कळवल्यावर घरमालकाने छप्पर ताबडतोब झाकावं आणि गरज असेल तर दुरुस्तही करावं, अशी लेखी परवानगी त्याला त्याच दिवशी मराठीत मिळावी. फोटो, व्हिडिओ, काढून ठेवलेलं लाकूड आणि शासकीय पंचनामा हा नुकसान झाल्याचा पुरावा मानावा. पाहणीआधी दुरुस्ती केली, एवढ्याच कारणाने एक रुपयाही कापू नये. ताडपत्री, माड तोडणं, तात्पुरता आधार देणं हा खर्च दाव्यात धरावा.

२. पावसाळ्यात छपराच्या दाव्याची पाहणी मोबाईलवरच्या व्हिडिओने करायची सोय सगळ्या कंपन्यांनी ठेवावी. सर्वेअरला यायला उशीर झाला तर त्याचा भार विमाधारकावर टाकू नये.

३. कौलारू आणि पत्र्याच्या छपरांसाठी मोजणीचा वेगळा तक्ता तयार करावा. त्यात वासे, रिपा, आढं, उतरवणं, पुन्हा बसवणं आणि स्थानिक मजुरी वेगवेगळी लिहिलेली असावी. तो करताना कोकणातल्या, गोव्यातल्या आणि केरळातल्या सुतारांना विचारावं. आम्ही यायला तयार आहोत. मोजणीचा कागद घरमालकाच्या सहीने जागेवरच व्हावा आणि त्याची प्रत त्याच दिवशी त्याला मिळावी.

४. नुकसान मान्य झालं की अंदाजाच्या निम्मी रक्कम आगाऊ द्यावी. कर्जाचे हप्ते नियमित असतील तर दुरुस्तीचे पैसे घरमालकाच्या खात्यात जावेत. यासाठी बँकांच्या नियामकांशी आपण बोलावं.

५. पॉलिसीचा गोषवारा, कपातीचा हिशोब आणि नकाराचं कारण मराठीत द्यावं, त्यासाठी ग्राहकाला वेगळा अर्ज करायला लावू नये. नकाराच्या पत्रातच लोकपालांचा पत्ता आणि मुदत ठळक छापावी.

६. घराच्या विम्याचे किती दावे आले, किती नाकारले, किती कापून दिले आणि का, याची जिल्हावार माहिती दर वर्षी जाहीर करावी. रत्नागिरी, रायगड आणि सिंधुदुर्गाचे आकडे बघितल्यावर मी म्हणतो ते खरं की खोटं हे आपल्यालाच दिसेल.

कंपन्यांनाही एक विनंती आहे. २४ मे २०२५ च्या वादळातले आमच्या पट्ट्यातले जे दावे ‘पाहणीपूर्वी दुरुस्ती’ या कारणाने कापले, ते आपणहून पुन्हा उघडा. लोकपालांकडे जायची ताकद प्रत्येकाकडे नाही. फोटो तुमच्याकडे आहेत, पंचनामे तहसील कार्यालयात आहेत. त्यासाठी कुणाच्या आदेशाची वाट बघायची गरज नाही.

आणि ज्यांची घरं अशीच मोडली, त्या माझ्या गावकऱ्यांना : नकाराचं पत्र आलं म्हणून गप्प बसू नका. आधी कंपनीच्या तक्रार विभागाला लेखी कळवा, तीस दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही तर लोकपालांकडे जा. ग्राहक आयोगाचा रस्ताही आहे. अर्ज लिहायला अडचण असेल तर संध्याकाळी माझ्याकडे या.

येत्या मे महिन्याच्या आधी आपण या मागण्यांवर काय ठरवलं ते जाहीर करावं, कारण त्यानंतर पुन्हा पाऊस आहे. उत्तर माझ्या एकट्याच्या नावाने नको, सगळ्यांना वाचता येईल असं द्यावं.

आपला,
दापोली तालुक्यातला एक सुतार आणि पॉलिसीधारक